आबांची वही

आमच्या घरात देव्हाऱ्याखालच्या फळीवर एक वही आहे. लाल कापडी पुठ्ठ्याची, आडवी, वाण्याच्या दुकानात असते तशी. आबा चार बुकं शिकलेले. त्यांनी त्या वहीत पेन्सिलीनं घराचं देणं लिहून ठेवलंय. कोणाकडून किती घेतलं, कशापायी घेतलं, किती फेडलं. घेणं एकाही पानावर नाही, कारण आमचं कोणाकडं कधी नव्हतंच.

लोक घराण्याचा इतिहास लिहितात तेव्हा वाडा, वतन, लढाया यांच्याबद्दल लिहितात. आमच्या घराण्याचा इतिहास म्हणजे ही वही. म्या दहावीपर्यंत शिकलेला शेतकरी माणूस. इतिहास लिहायचा माझा अधिकार नाही. पण जे आमच्या घरात झालं ते बालाघाटच्या डोंगरातल्या कैक घरांत झालंय, म्हणून लिहितो.

आमचं गाव बीड जिल्ह्यात, नगरच्या हद्दीला लागून. आज एष्टीनं तासाभरात नगर जिल्ह्यात जाता येतं. पण आजाच्या काळात ती हद्द म्हणजे दोन राज्यांची हद्द होती. तिकडं इंग्रज, इकडं निजाम. नाणं वेगळं, आमच्याकडं हाली सिक्का चालायचा. सरकारी कागद उर्दूत, सावकाराची वही मोडीत. आजाला दोन्ही येत नव्हतं. कागदावर काय लिहिलंय ते सावकार सांगेल तेच खरं.

पुढं वाचनालयातून पुस्तकं आणून वाचली तेव्हा कळलं, की हद्दीपलीकडच्या शेतकऱ्यांनी एकदा या कागदांचाच राग काढला होता. 1875 सालच्या मे महिन्याच्या 12 तारखेला पुणे जिल्ह्यातल्या सुप्याला बाजारच्या दिवशी लोकांनी सावकारांच्या घरांवर जाऊन खतं-पत्रं ओढून काढली आणि पेटवून दिली. मग हे लोण नगर जिल्ह्यातही पसरलं. ध्यानात घेण्यासारखी गोष्ट ही, की बहुतेक ठिकाणी माणसाच्या अंगाला हात लागला नाही. त्यांना पाहिजे होता तो कागद. त्याच्या दहा-बारा वर्षं आधी अमेरिकेतल्या यादवीमुळं इकडच्या कापसाला सोन्याचा भाव आला होता, सावकारांनी मोकळ्या हातानं कर्ज दिलं होतं. युद्ध मिटलं, कापूस पडला, त्यात सरकारनं शेतसारा वाढवला. कर्ज तेवढं वाढत राहिलं. दंग्यानंतर इंग्रज सरकारनं चौकशी नेमली आणि 1879 साली पुणे, सातारा, सोलापूर आणि नगर या चार जिल्ह्यांसाठी शेतकऱ्यांना दिलासा देणारा कायदा केला. त्यानं कोर्टाला कागदाच्या मागं जाऊन खरा व्यवहार तपासायची मुभा मिळाली. चारच वर्षांनी जोतिराव फुल्यांनी 'शेतकऱ्याचा असूड' लिहिला.

हा कायदा आमच्या शिवेपर्यंत येऊन थांबला. शिवेच्या अलीकडं आम्ही.

आजाचं कर्ज दाण्याचं होतं. पेरणीला एक पोतं जवारी आणायची, सुगीला सव्वा पोतं घालायचं, त्याला सवाई म्हणायचे. साल वाईट असलं तर दिडी. आजानं मरताना आबाला हाताशी धरून सांगितलं म्हणे, "माझं दोन पोते राहिलंय, ते देऊन टाक." जमीन किती, भांडी किती, हे नाही सांगितलं. आबांच्या वहीचं पहिलं पान त्या दोन पोत्यांचं आहे. खाली लिहिलंय, 'फिटले'.

दुसरं पान अक्काच्या लग्नाचं. 1970 साल. अक्का आमच्यात थोरली, तिच्या पाठीवर दादा, मग मी. आबांनी लग्नासाठी गावातल्याच एका सावकाराकडून चौदाशे रुपये घेतले. व्याज महिन्याला शेकडा तीन. त्यानं कर्जरोखा केला नाही. चार एकराचं खरेदीखत करून घेतलं. तोंडी बोली अशी, की पैसे फिटले की जमीन उलट खरेदीनं परत. आमची एकूण अकरा एकर. त्यातली ही चार विहिरीखालची, म्हणजे जी काय पिकत होती ती हीच. आबा अंगठेबहाद्दर नव्हते. त्यांनी कागद वाचला आणि वाचून सही केली. लग्न पंधरा दिवसांवर आलेल्या पोरीच्या बापाला वाचता आलं काय आणि नाही आलं काय, सारखंच.

मग 72 चा दुष्काळ आला. त्याआधीची दोन सालंही बारीकच गेली होती. मी अकरा वर्षांचा होतो, मला सगळं आठवतं. विहिरीच्या तळाला उतरून वाटीनं पाणी भरायचं. जनावरं कवडीमोलानं बाजारात गेली. आमचा एक बैल विकला, दुसरा दावणीलाच बसला तो उठला नाही. सरकारनं कामं काढली, पाझर तलाव, रस्ते, खडी फोडणं. माय आणि अक्का दोघी खडीवर होत्या. अक्का लग्न झालेली, पण तिच्या सासरीही तीच गत, म्हणून ती माहेरच्या कामावर आलेली. दिवसाचे अडीच-तीन रुपये पडायचे. कामावर सुकडी मिळायची. रेशनवर अमेरिकेतनं आलेली लाल मिलो जवारी. तिची भाकर थापता थापता तुटायची. माय म्हणायची, "ही जनावराची हाय रं, पण आपून तरी कोण हाव?"

त्या दुष्काळानं माणसं उपाशी मरू दिली नाहीत हे खरंय. त्यातूनच पुढं रोजगार हमी योजना उभी राहिली. वि. स. पागे यांनी ती मांडली, 1977 साली तिचा कायदा झाला. पुढं साऱ्या देशानं तो कित्ता गिरवला. पण खडी फोडून पोट भरतं, व्याज भरत नाही. वहीतलं दुसरं पान त्या सालात खाली खाली वाढत गेलंय. चौदाशेचे एकवीसशे झालेत, एकवीसशेचे अठ्ठावीसशे.

1973 च्या दिवाळीनंतर मुकादम गावात आला. उसाच्या टोळ्या भरायला. प्रवरेला 1950 साली सहकारी साखर कारखाना निघाला आणि मग नगर, पुणे, सातारा, कोल्हापूरकडं कारखाने उभे राहत गेले. ऊस तिकडचा, तोडणारे हात आमच्या डोंगरातले. मुकादम आधी पैसे देतो, त्याला उचल म्हणतात. सहा महिने तोडून ती फेडायची. नवरा-बायको मिळून एक कोयता. एकट्या माणसाला अर्धा कोयता म्हणतात. आबांनी उचल घेतली आणि सावकाराच्या व्याजात भरली. एक देणं दुसऱ्या देण्यानं झाकलं. पण माय आजीला सोडून जाऊ शकत नव्हती. कोयता पुरा व्हायला दुसरं माणूस पाहिजे होतं.

दादा तेव्हा नववीत होता. माझ्यापेक्षा हुशार. गणितात तर मास्तर त्याला फळ्यावर उभं करायचे. जायच्या आदल्या रातीला आबा त्याला काहीच बोलले नाहीत. दादानंच दप्तर माझ्यापुढं ठेवलं. म्हणाला, "कंपास नवीन हाय, टोक मोडू नको."

एवढंच. त्यानं दप्तर दिलं आणि म्या घेतलं. घेताना मला आनंद झाला होता, कंपासपेटीचा. हे मी आजवर कोणाला सांगितलेलं नाही.

दादा आणि आबा सहा वर्षं गेले. फडावर राती दोन-तीनला उठायचं, थंडीत ओला ऊस धरायचा, पाचटानं गाल कापायचे. मोळ्या डोक्यावर घेऊन गाडी भरायची. राहायला पाचटाची कोपी. खाडा झाला की पैसे कापायचे. वाढं विकून जे चार पैसे यायचे त्यात मीठ-मिरची. पट्टा पडला की चैताच्या सुमाराला यायचे. दादा आला की पहिल्यांदा माझी वही बघायचा. एकदा माझं गणित चुकलेलं त्यानं बोटानं दाखवलं. त्याची बोटं तवर मिटत नव्हती नीट.

मधे 1975 साली आणीबाणी आली. वीसकलमी कार्यक्रमात गरिबांच्या कर्जाचं कलम होतं. महाराष्ट्रात कर्जमुक्तीचा कायदा झाला. लहान शेतकरी, भूमिहीन मजूर, कारागीर यांचं सावकारी देणं माफ. गावोगाव लोकांची गहाण भांडी-डाग परत आले. आबा तालुक्याला गेले. तिथल्या साहेबानं कागद बघितला आणि विचारलं, "कर्ज कुठंय यात?" कर्ज नव्हतंच. खरेदीखत होतं. कागदावर आम्ही कर्जदार नव्हतो, जमीन विकून मोकळे झालेलो होतो. आबा माघारी आले आणि पुढच्या दिवाळीला परत कोयता घेऊन गेले. माझी दहावी 1977 ला झाली, दुसऱ्या वर्गात. पुढं शिकवायला पैसा नव्हता, आणि खरं सांगायचं तर मलाच लाज वाटायला लागली होती.

1979 ला सावकारानं सांगितलं, आखितीपर्यंत बाकी आठशे द्या, नाहीतर जमीन तिसऱ्याला घालतो. आठशे कुठून आणायचे? ही बातमी अक्काला कशी कळली कोण जाणे. ती एका दुपारी एकटीच आली. पाणी प्यायली आणि कमरेच्या पिशवीतनं फडक्यात गुंडाळलेल्या दोन पाटल्या काढून मायच्या पुढ्यात ठेवल्या. सासरनं घातलेल्या. आबा म्हणाले, "न्हेऊन घाल बाई हातात. लेकीचं सोनं मोडून बापानं रान सोडवायचं?" अक्का म्हणाली, "रान माझ्या लग्नापायीच गेलंय ना?" मग कोणी बोललं नाही.

दाजींना ठाऊक होतं. तिच्या सासूला नव्हतं. कळलं तेव्हा तिला वर्षभर माहेरचं तोंड दिसू दिलं नाही. त्या साली पंचमीला आणि भाऊबीजेला ती आली नाही. दादा ओवाळणीचे पाच रुपये घेऊन तिच्या गावाला गेला, तर वाड्याच्या दारातूनच परत फिरला.

जमीन परत आली, पण पुरी नाही. सावकारानं अडीच एकर उलट खरेदी करून दिलं, दीड एकर खर्चात धरलं. अकराची साडेनऊ झाली. वहीचं दुसरं पान तिथं संपतं. त्यात दादाच्या सहा हंगामांची उचल आहे, बैल विकल्याचे पैसे आहेत. पाटल्या नाहीत. आबांनी त्या लिहिल्या नाहीत. लाजेनं असेल.

इथपर्यंत गोष्ट सावकाराची, सरकारची, दुष्काळाची. आता माझी.

आबा 1985 ला गेले. सातबाऱ्यावर थोरला म्हणून दादाचं नाव लागलं, पुढं ए.कु.मॅ. असं लिहिलेलं. म्हणजे एकत्र कुटुंब मॅनेजर. 1989 ला आम्ही चुली वेगळ्या केल्या. वाटणी तोंडी, निम्मी-निम्मी. पावणेपाच एकर दादाला, पावणेपाच मला. कागद तसाच ठेवला. भावाभावात कागद कशाला, असं आम्हीच मोठ्या तोऱ्यात म्हणालो. एवढ्या कागदांनी भाजल्यावरही.

2000 साली मला मोसंबी लावायची हौस आली. पाईपलाईन, मोटार, रोपं, साठ हजार लागत होते. सोसायटीचं कर्ज सातबारावाल्यालाच मिळतं, म्हणून दादाच्या नावावर उचललं. दादा सचिवापुढं सही करताना मला म्हणाला, "वेळच्या वेळी भर बाबा." मी म्हणालो, "तू काळजी करू नको."

बाग तीन वर्षांची झाली आणि 2003 चा दुष्काळ आला. विहीर आटली. टँकरनं पाणी घातलं, त्याचे पैसे वेगळे. झाडं उभ्यानं वाळली. हप्ते थकले. सोसायटीच्या नोटिसा दादाच्या नावानं यायच्या. पोष्टमन ओळखीचा, मी त्या वाटेतच घ्यायचो आणि मोसंबीच्या कोरड्या आळ्यात पुरायचो. दादाला सांगितलं नाही. आज भरू, उद्या भरू.

2004 ला दादाच्या पोरीचं लग्न ठरलं. तो पेरणीसाठी पीककर्ज काढून थोडं लग्नाला वळवावं म्हणून सोसायटीत गेला, तर चारचौघांत सचिवानं सांगितलं, "तुमचं नाव थकबाकीदारात हाय." ज्या माणसानं सोळाव्या वर्षी बापाचं देणं फेडायला कोयता धरला, त्याला थकबाकीदार म्हणाले. माझ्यामुळं. तो घरी आला, माझ्या दारापुढं उभा राहिला, आत आला नाही. म्हणाला, "सांगितलं असतंस तर काय केलं असतं म्या?" आणि गेला.

त्यानं मुकादमाची उचल घेतली. पोरीचं लग्न केलं. आणि दिवाळीनंतर, सत्तेचाळीसाव्या वर्षी, वैनीला घेऊन परत फडावर गेला. ट्रक पहाटे निघाला. मी जागा होतो. पांघरुणातून उठलो नाही.

वैनी दोन वर्षं माझ्याशी बोलल्या नाहीत. त्यांचं चुकलं असं मी म्हणणार नाही. त्यांची कंबर त्या हंगामापासून धरली ती अजून सुटली नाही.

2008 ला केंद्र सरकारची कर्जमाफी आली. पाच एकराच्या आतल्याचं थकलेलं कर्ज पूर्ण माफ. त्यावरच्याला मोठा वाटा आधी भरावा लागणार, मग सवलत. आमच्या सातबाऱ्यावर साडेनऊ एकर एकाच नावावर. आम्ही दोघंही खरं पाच एकराच्या आतले, पण कागदावर एक बागायतदार. वेळेवर खातेफोड केली असती तर माझं कर्ज माझ्या नावावर असतं आणि माफही झालं असतं. आबांना तालुक्याच्या साहेबानं जे सांगितलं तेच मला सांगितलं गेलं, शब्द वेगळे. कागद जे बोलतो तेच सरकारला ऐकू येतं.

मी बैलजोडी आणि एक म्हैस विकली. घरच्यांनी गळ्यातलं मोडलं. माझा वाटा भरला, सवलत मिळाली, खातं निल झालं. बेबाकीचा दाखला घेऊन मी दादाकडं गेलो. तो पट्टा पडून नुकताच आला होता. त्यानं दाखला हातात घेतला, सगळा वाचला, तारीखसुद्धा. घडी घालून खिशात ठेवला. म्हणाला, "जेवून जा." वैनींनी ताट वाढलं. बोलल्या नाहीत, पण वाढलं.

मग आम्ही खातेफोड करायला घेतली. तहसीलला जाऊन रीतसर वाटणी. तलाठी म्हणाले, बहिणीची हक्कसोडावर सही लागंल. 2005 च्या कायद्यानं तर लेकीला लेकाइतकाच हक्क झालेला. गावात सगळे भाऊ हक्कसोडच करून घेतात, साडीचोळी करतात आणि प्रकरण मिटवतात. अक्का तयारच होती. पेन घेऊन बसली होती. दादा म्हणाला, "थांब." त्यानं घरून ती लाल वही मागवली आणि दुसरं पान उघडलं. "यात तुझ्या पाटल्या कुठंयत?" अक्का हसली आणि मग रडायला लागली.

विहिरीखालचा एक एकर अक्काच्या नावावर लावला. माझ्या घरात कुरबुर झाली, दादाच्याही झाली. लेकीबाळींना द्यायला लागलो तर पोरांना काय उरंल, असं लोकही म्हणाले. म्हणू दिलं. दादानं त्या पानाच्या शेवटी पेनानं लिहिलं: 'दोन पाटल्या, अक्का.' पुढं 'फिटले' असं लिहिलं नाही. मी विचारलं तर म्हणाला, "ते फिटत नसतंय."

2014 साली महाराष्ट्रात सावकारीचा नवा कायदा आला. कर्जाच्या बदल्यात खरेदीखतानं बळकावलेली जमीन चौकशी करून परत द्यायचा अधिकार त्यात जिल्हा निबंधकाला आहे. म्हणजे आबांच्या कागदामागं काय होतं ते बघायची सोय झाली. पण आमचं प्रकरण मिटून जवळजवळ तीन तपं लोटली होती. आणि सावकार आता गावातच बसतो असंही नाही. पोरांच्या फोनवर कर्ज मिळतं, गाडीवर मिळतं, सोन्यावर मिळतं. सही सुद्धा लागत नाही, आकडा टाकला की झालं.

म्हणून आम्ही एक रीत पाडलीय. दर पाडव्याला गुढी उभारून झाली की दोन्ही घरं दादाच्या ओसरीवर बसतात. अक्काला जमलं तर तीही येते. ज्याच्या नावावर जे देणं असंल ते त्यानं मोठ्यानं वाचायचं. सोसायटीचं, बँकेचं, दुकानदाराचं, मुकादमाचं. वाचलेलं वहीत उतरायचं. फेडायला एकमेकांना पैसे देता येतातच असं नाही. बहुतेक सालं येत नाहीत. पण कळतं. कर्जानं माझ्या घरात जेवढं मोडलं त्याच्या दुप्पट माझ्या गप्प बसण्यानं मोडलं, हे मला पन्नाशीला आल्यावर समजलं.

यंदाच्या पाडव्याला दादाचा धाकटा वाचत होता. सोसायटीचं वाचलं, खताच्या दुकानाचं वाचलं आणि थांबला. खाली बघायला लागला. सगळे गप्प. वैनींनी पदर सावरला. मला ती पुरलेली नोटीस आठवली.

दादानं चष्मा पुसला आणि पेन उघडलं.

"वाच की रं," तो म्हणाला. "घरातच हाय."